जैसे थे

सत्त्याऐंशी सालचा दावा. नंबर एकशे चौदा.
मी शिपाई लागलो तेव्हाच फाईल चांगली वीतभर होती.
आता ती दोन बस्त्यांत राहते,
आणि कपाटातून काढताना
तान्ह्या पोरासारखा खालून हात द्यावा लागतो.

'तोताराम झिपरू महाजन, हाजिर?'
एरंडोलच्या व्हरांड्यातून सव्वीस वर्षं
मी हे नाव पुकारलं.
तोताराम मी पाहिलेला नाही.
तो त्र्याण्णवलाच गेला, म्हणे.
पण कागदावरून माणूस असा सहज जात नाही,
त्याच्या खाली वारस लागतात:
एक-अ, एक-ब, एक-क,
मग एक-ब गेला की एक-ब-एक, एक-ब-दोन.
समोर पुनमचंद ओंकार वाणी.
तेही कधीचे फोटोत.
त्यांचा नातू सुरतेहून येतो
आणि आजोबांचं नाव ऐकून हात वर करतो.

जागा कासोद्याची, तेलघाण्यामागची.
सात गुंठे.
अठ्ठ्याऐंशीत हुकूम झाला, जैसे थे.
कोणी खुंटी ठोकायची नाही,
कोणी दगड हलवायचा नाही.
दोन्ही बाजूंनी पाळला, खोटं कशाला बोलू.
एका निंबोळीला मात्र
समन्स बजावायचं राहून गेलं.

मग यंदा वरून पत्र आलं.
वीस वर्षांवरचे सगळे दिवाणी दावे
सहा महिन्यांत. रोजच्या रोज. तहकुबी नाही.
नाझरसाहेबांनी ते दोनदा वाचलं,
चष्मा पुसून तिसऱ्यांदा.
नव्या मॅडमनी पहिल्याच दिवशी विचारलं,
साक्षीदार कुठे आहे?
वकील म्हणाले, सिनियरला ताप आहे.
मॅडम म्हणाल्या, चालवा.
वकील म्हणाले, नक्कल मिळाली नाही.
चालवा.
पार्टी लग्नाला गेलीय, मॅडम.
दोन हजार खर्च भरा, आणि चालवा.
बाररूममधला चहा त्या आठवड्यात
पहिल्यांदाच उरला.

बाकावर रेशमाबाई.
वादी एक-ब यांची विधवा. एक-ब-एक.
नवी सून होती तेव्हा
सासऱ्याचा डबा घेऊन तारखेला यायची,
घराबाहेर पडायला दुसरं कारण नव्हतं.
सासरा आत, ही बाहेर बोर्डापाशी.
बोर्डावरची नावं बघत बघत अक्षरं लागली.
सगळ्यात आधी वाचता आला तो शब्द
तहकूब.
हे तिने मला हसत सांगितलं.
मला नाही हसता आलं.

भूमापक गेला मोजणीला, भर उन्हात.
फितीचं दुसरं टोक धरायला माणूस नव्हता.
दोन्ही पार्ट्या एकमेकांकडे बघत उभ्या.
त्याने ते निंबाच्या खोडाला बांधलं
आणि सावलीत बसून नकाशा काढला.
नकाशात झाड नाही.
दाव्यातही नव्हतं, कैफियतीतही नव्हतं.

चैत्रात निकाल लागला.
साडेतीन गुंठे इकडे, साडेतीन तिकडे.
अडतीस वर्षं, आणि वाचायला अकरा मिनिटं.
मी घड्याळ पाहिलं होतं.
सुरतेचा नातू फोन कानाला लावून पायऱ्या उतरला.
रेशमाबाई उठली नाही.
'निकाल लागना का रे भाऊ?'
लागला, म्हटलं.
'आन त्या निंबनं काय?'

हे मॅडमच्या कानावर गेलं असावं.
त्यांनी पेन खाली ठेवलं, फाईल परत उघडली.
मुद्दे काढले होते नऊ.
नवांची नऊ उत्तरं, होय किंवा नाही.
झाड कोणाचं,
असा मुद्दाच काढलेला नव्हता.

त्या दिवशी तिने बोर्डावरची सगळी नावं वाचली,
वरपासून खालपर्यंत, बोट लावून.
मग म्हणाली, 'आते मी कोठे जाऊ?'
आणि कासोद्याच्या गाडीत बसली.

सकाळी मी एकशे तेरा पुकारला.
पुढचं नाव तोंडात आलंच होतं.
गिळलं, आणि एकशे पंधरा पुकारला.

अपिलाला तीस दिवस आहेत.
निंब मोहोरलाय म्हणतात.
तेवढ्या दिवसांत
निंबोळी धरते.